सहाव्या रिळातली उडी

माझ्या सासूबाई नातेवाइकांना माझ्या नोकरीबद्दल सांगताना म्हणायच्या, "जपानमध्ये ती जुन्या फिल्मा पुसते." सुरुवातीला मला राग यायचा. केमिस्ट्रीत एमएस्सी केलेली मी, परक्या भाषेत एक अख्खा धंदा शिकले, आणि त्याचं वर्णन काय, तर 'पुसते'! आता या कामाला एकोणीस वर्षं झाली आणि याहून नेमकं वर्णन मलाही सुचलेलं नाही. मी जुन्या फिल्मा पुसते. फाटलेल्या सांधते, फिल्म ओढण्यासाठी कडेला असलेली भोकं तुटली असतील तर एकेक करून नीट करते, आणि ज्या वाचणारच नाहीत त्यांच्यापाशी शेवटपर्यंत बसते.

फुनाबोरीत आम्ही राहतो तिथे मराठी घरं बरीच आहेत. माझा नवरा सुहास तोयोसुच्या एका ऑफिसात आहे, तसेच बहुतेकांचे नवरे किंवा बायका. दिवाळीच्या कार्यक्रमात कुणी नवीन आलं की मला हमखास विचारतं, "म्हणजे एडिटिंग का?" मी म्हणते, "नाही, दवाखाना."

थोडं समजावून सांगते. आज सिनेमा म्हणजे एक फाइल. शंभर वर्षांपूर्वी सिनेमा ही हातात धरायची, वजन असलेली वस्तू होती. दहा-बारा मिनिटांचं एक रीळ, अशी सात-आठ रिळं मिळून एक सिनेमा. त्या काळची फिल्म नायट्रेटची असायची. दिसायला फार सुंदर. तिच्यावरची चांदी उजेडात धरली की चित्र जिवंत वाटतं. पण स्वभावाने भयंकर. एकदा पेटली की पाण्यात बुडवली तरी जळत राहते. आणि नाही पेटली तर कुजते. आधी चित्र फिकं होतं, मग फिल्म चिकट होते, थर एकमेकांना धरून बसतात, मग काकवीसारखा पाझर सुटतो आणि शेवटी उरते तपकिरी भुकटी. तिचा वास पावसात भिजून राहिलेल्या मोज्यांसारखा. माझ्या ॲप्रनला तो कायम असतो.

मला हे काम शिकवलं ओगावासाननी. आता ते पंच्याहत्तरीच्या घरात आहेत, दोनदा निवृत्त झाले आणि दोन्ही वेळा महिनाभरात परत आले. त्यांनी पहिले सहा महिने मला फक्त कोरी फिल्म गुंडाळायला लावली. ती गुंडाळताना ते डोळे मिटून बाजूला बसायचे आणि मधेच म्हणायचे, "तिथे. एक भोक तुटलंय." आवाजावरून! मी थांबून भिंगाखाली बघायची, तर खरंच तुटलेलं असायचं.

गिऱ्हाइकंही एकेक येतात. नागानोहून एक निवृत्त मुख्याध्यापक त्यांच्या थोरल्या बहिणीच्या लग्नाचं रीळ घेऊन आले होते. आम्ही दोन आठवडे खपून ते नीट केलं आणि पडद्यावर लावलं, तर निघाली टूथपेस्टची जाहिरात. मी शरमेने जमिनीकडे बघत होते. ते मात्र शेवटपर्यंत टक लावून बसले आणि उठताना म्हणाले, "ताई अगदी अशीच हसायची." मग लवून नमस्कार करून डबा छातीशी धरून गेले.

पण मला आज सांगायचंय ते कोबेच्या डब्यांबद्दल.

सहा वर्षांपूर्वी, साकुराचा, म्हणजे चेरीचा, बहर नुकता सरला होता तेव्हा, कोबेहून एक खोकं आलं. तिथे भारतीय व्यापाऱ्यांची वस्ती फार जुनी. त्यातल्या एका कुटुंबाचं डोंगरउतारावरचं घर विकलं जात होतं आणि तळघरात, कापडाच्या नमुन्यांच्या गठ्ठ्यांमागे, तीन गंजके पत्र्याचे डबे सापडले होते. त्यांवर कागद चिकटवलेले होते आणि त्यांवरची अक्षरं कुणालाच लागत नव्हती.

ओगावासाननी हाक मारली. "केरुकारुसान, हे तुमच्याकडचं दिसतंय. वाचता येतं का?"

माझं आडनाव केळकर. जपानी जिभेला ते झेपत नाही, म्हणून इथे मी केरुकारु; 'सान' म्हणजे आपलं 'राव' किंवा 'बाई'.

अक्षरं गुजराती होती. माझं लहानपण घाटकोपरचं, शेजारपाजार सगळा गुजराती, त्यामुळे अडखळत का होईना वाचता आलं. 'चीनी फिलम. भाग ३, ५, ६. आगथी दूर राखवी.' एवढंच. घरमालकांना फोन केला तर ते म्हणाले, "आजोबा शांघायला कापड पाठवायचे. येताना काय काय आणायचे ते त्यांनाच ठाऊक." कुठल्या तरी कारकुनाने 'आगीपासून दूर ठेवा' असं निगुतीने लिहिलं आणि मग तीन पिढ्यांनी ते खरोखर आगीपासून दूर ठेवलं, एवढ्यावर आमचं सगळं नशीब.

तिसरं रीळ ठणठणीत होतं. पाचवं निम्मं गेलेलं. सहावा डबा उघडला तेव्हा ओगावासाननी नुसता श्वास सोडला. आत फिल्म नव्हतीच, एकसंध तपकिरी चकती होती, गुळाच्या ढेपेसारखी. "हे ठेवून चालणार नाही," ते म्हणाले. असं रीळ नियमाप्रमाणे नष्ट करायला पाठवावं लागतं. मी त्यावर तशी चिठ्ठी लावली आणि आम्ही तिसऱ्याकडे वळलो.

लोकांना वाटतं, आम्ही दिवसभर सिनेमा बघतो. आम्ही तो कधीच बघत नाही. खालून दिवा असलेल्या टेबलावर फिल्म ठेवून आम्ही एकेक स्थिर फ्रेम बघतो. पडद्यावर एका सेकंदात सोळा निघून जातात. माझ्यासमोरून एका सकाळी तेवढ्याही जात नाहीत कधीकधी. म्हणून एखादा चेहरा आमच्याइतका कुणी पाहिलेला नसतो, त्या माणसाच्या आईनेसुद्धा नाही.

तिसऱ्या रिळात एक नावाडी होता. तिशीच्या आतला, रुंद खांद्यांचा, कान जरासे पुढे आलेले. त्याच्या झोपडीत त्याच्या बहिणीचं पत्र येतं. म्हातारी आई समोर बसलेली. तो पत्र उघडतो. पुढचा प्रसंग वीस सेकंदांचा आहे आणि त्यावर मी अकरा दिवस काम केलं. तो काही करतच नाही. डावा हात टेबलावर पसरलेला, उजव्यात पत्र. मी फ्रेम्स मोजल्या. दोनशेहून जास्त फ्रेम्समध्ये त्याची पापणी लवत नाही. मग कंठमणी एकदा खाली जातो. आणि मग ओठांच्या एका कोपऱ्यातून हसू यायला लागतं, इतकं हळू की शेजारशेजारच्या दहा फ्रेम्समध्ये फरक सापडत नाही.

एका दुपारी ओगावासान माझ्या खांद्यावरून वाकून बघत होते. बराच वेळ बघितल्यावर म्हणाले, "केरुकारुसान, याची बुबुळं ओळींवरून फिरत नाहीत."

मी बघितलं. खरंच फिरत नव्हती. एकाच जागी थिजलेली.

"याला वाचता येत नाही," ते म्हणाले. "आईलाही येत नाही. ती याच्या तोंडाकडे बघतेय, म्हणून हा हसतोय."

मूकपटात संवाद पाट्यांवर लिहिलेले असतात; या फिल्ममधल्या चिनी पाट्यांचं भाषांतर तेव्हा आलेलंच नव्हतं. दोन आठवड्यांनी शांघायच्या एका संशोधक बाईंनी ते पाठवलं. पाटी होती, 'बेटा, काय लिहिलंय?' आणि पुढची, 'सुखात आहे, आई.' आम्हाला ते एका माणसाच्या डोळ्यांनी, शब्द न बोलता, शंभर वर्षांनंतर, टेबलावर थांबलेल्या फ्रेम्समधून सांगितलं होतं. त्या दिवशी मी टेबलाचा दिवा बंद करायला विसरले.

त्याच बाईंनी जुन्या सिनेमासिकांची कात्रणं पाठवली, त्यातून त्याचं नाव कळलं. लू युन-हे. पडद्यासाठी घेतलेलं नाव. खरं नाव कुठेच नव्हतं. शांघायच्या स्टुडिओत तो सामान वाहायला लागला. एकदा नायकाऐवजी घोड्यावरून पडायला माणूस हवा होता, हा पडला. मग वर्षभर दुसऱ्यांच्या नावाने पडतच राहिला. कुणा दिग्दर्शकाच्या लक्षात आलं की हा पडल्यानंतर उठतो ते बघण्यासारखं असतं, आणि हा नायक झाला. पुढची सहा-सात वर्षं शहरातल्या भिंतींवर त्याचे चेहरे होते. दुकानदार त्याच्यासारखी टोपी विकायचे.

मग सिनेमा बोलायला लागला. हा दक्षिणेचा, घरची बोली कॅन्टोनीज. बोलपटांना हवी होती उत्तरेची भाषा. एक बोलपट केला त्याने. त्यात त्याच्या तोंडी दुसऱ्याच माणसाचा आवाज घातला. एका कात्रणात लिहिलं होतं की थिएटरात लोक हसले. त्यानंतर एकाही कात्रणात त्याचं नाव नाही. आणि त्याने केलेल्या सगळ्या सिनेमांपैकी जगात उरलेलं होतं ते आमच्या टेबलावर, दीड रीळ.

कोबेच्या एका स्थानिक वर्तमानपत्राने या डब्यांची छोटी बातमी छापली, पत्र धरलेल्या नावाड्याच्या फोटोसकट. चार दिवसांनी आमच्या रिसेप्शनच्या मुलीने आत येऊन सांगितलं, "ओगावासान, तोउसान आलेत."

ओगावासान दचकले. जपानीत 'तोउसान' म्हणजे बाबा. त्यांचे वडील जाऊन तीस वर्षं झाली होती. बाहेर एक ऐंशी उलटलेली, ताठ कण्याची, करड्या कोटातली बाई बसली होती. चिनी 'तांग' आडनावाचं अक्षर जपानीत 'तोउ' असं वाचतात. कोबेत जन्म काढलेल्या या बाईंना सगळे तसंच म्हणायचे. एकट्या शिंकान्सेनने, म्हणजे बुलेट ट्रेनने, आल्या होत्या.

त्यांनी पर्समधून एक फोटो काढून टेबलावर ठेवला. गळ्यात माप घ्यायची टेप अडकवलेला, टक्कल पडलेला एक शिंपी.

"हे माझे वडील," त्या म्हणाल्या. "हे आणि तुमचा तो नावाडी एकच का, एवढं मला सांगा."

ओगावासान सावधपणे म्हणाले, "कान सारखे वाटतात खरे. पण तेव्हा चेहऱ्यावर जाड रंग असायचा. आणि मधे वीस-पंचवीस वर्षं गेलीत. तुम्हाला काय वाटतं, तोउसान?"

"मला काय वाटतं ते महत्त्वाचं नाही. मला वाटलं होतं ते चुकीचं होतं का, ते महत्त्वाचं आहे."

मी चहा आणून ठेवला. त्यांनी तो घेतला नाही. मग त्यांनी जे सांगितलं ते असं.

युद्ध संपल्यावर वडील त्यांना घेऊन कोबेला आले. आई वाटेतच गेली होती. एका नात्यातल्या काकांचं शिंप्याचं दुकान होतं, तिथे वडील कापड बेतायला बसले. नऊ वर्षांच्या मुलीला झोपवताना ते सांगायचे की मी शांघायचा मोठा नट होतो. एक गोष्ट तिला पुन्हा पुन्हा हवी असायची. सिनेमात बहिणीला पळवून नेणारी बोट पुलाखालून जात असते, आणि वडील दगडी पुलाच्या कमानीवरून त्या चालत्या बोटीत उडी मारतात. खाली जाळी नाही, दोरी नाही. उतरताना डाव्या हाताची करंगळी बोटीच्या काठावर आपटून मोडते, तरी ते थांबत नाहीत. "सहाव्या रिळात," ते म्हणायचे. करंगळी खरंच वाकडी होती. ती धरून मुलगी झोपायची.

शाळेत तिने हे सांगितलं. मुलं हसली. शिंप्याची पोर! वडिलांची करंगळी दुकानातल्या मशीनमध्ये सापडली होती, असं काकूने कुणाला तरी सांगितलं होतं, ते एका मुलीने सगळ्यांसमोर ओरडून सांगितलं.

"मी घरी आले," तोउसान म्हणाल्या. "ते गिऱ्हाइकाचा कोट बेतत होते. मी गिऱ्हाइकासमोर म्हटलं, तुम्ही खोटारडे आहात. बोट मशीनमध्ये गेलं होतं. त्यांनी कात्री खाली ठेवली. माझ्याकडे बघितलं आणि म्हणाले, हो. मशीनमध्येच गेलं. आणि पुन्हा कात्री उचलली. त्यानंतर बावीस वर्षं जगले. सिनेमाबद्दल एक शब्द बोलले नाहीत."

त्यांनी टेबलावरचा फोटो उचलून परत पर्समध्ये ठेवला.

"लू युन-हे हे नाव त्यांनी सांगितलं होतं," त्या म्हणाल्या. "पण ते नाव तर तेव्हा भिंतीभिंतीवर होतं. कुणीही उचलू शकलं असतं. म्हणून विचारते. तुमच्याकडे सहावं रीळ आहे असं पेपरात लिहिलंय."

माझी नजर कपाटाकडे गेली. नष्ट करायला पाठवायची चिठ्ठी लावलेला डबा तिथे होता; गाडी शुक्रवारी येणार होती.

त्या गेल्यावर ओगावासाननी स्वतःच्या हाताने ती चिठ्ठी काढली.

घरी जेवताना मी हे सांगितलं. माझी लेक ईरा तेव्हा आठवीत होती. मी मराठीत बोलते, ती जपानीत उत्तर देते, असंच आमचं चालतं.

"सीजी ज्या नाइ नो?" ती म्हणाली. सीजी, म्हणजे कंप्युटरची करामत, नाही का ते?

"शंभर वर्षांपूर्वी?" सुहास हसला.

"मग खाली काय होतं?"

"पाणी," मी म्हटलं. "आणि हलणारी बोट."

तिने चॉपस्टिक खाली ठेवल्या. "याबाइ," म्हणाली. तिच्या पिढीत याच्यापुढे कौतुकाला शब्द नाही.

गुळाच्या ढेपेतून फिल्म सोडवायची पद्धत आहे, पण ती खात्रीची नाही. बंद डब्यात खाली औषध, वर जाळी, जाळीवर रीळ. वाफेने थर थोडेथोडे सैल होतात. रोज सकाळी बघायचं, जेवढं सुटलं असेल तेवढंच उलगडायचं आणि लगेच फ्रेमन् फ्रेम टिपून घ्यायची, कारण हवा लागली की ती तुकड्या-तुकड्याने जायला लागते. दुसरी संधी नसते. पहिले पाच आठवडे काहीच सुटलं नाही. सहाव्यात वीतभर पट्टी निघाली. धुक्यातून दिसावं तसा त्यात एक कालवा होता.

मग दिवसाला हात-दोन हात. पूल दिसला. उंच कमानीचा, दगडी. त्यावरून तो पळत आला. खाली बोटीचं टोक कमानीतून बाहेर येतंय. तो कठड्यावर चढला. वाऱ्याने सदरा पाठीला चिकटलाय. त्याने गुडघे वाकवले.

त्याच आठवड्यात तोउसानचा फोन आला. हृदयाचं ऑपरेशन ठरलं होतं, दहा दिवसांनी. आवाजात घबराट नव्हती. "काही कळलं का?" एवढंच विचारलं. मी म्हटलं, "अगदी जवळ आलोय."

मंगळवारी सकाळी ओगावासान दाताच्या डॉक्टरकडे गेले होते. मी डबा उघडला. गुडघे वाकवलेल्या फ्रेमच्या पुढचे थर अजून धरून होते. आणखी दोन-तीन दिवस वाफेत ठेवायला हवं होतं. हे मला माहीत होतं; मी स्वतः नव्या मुलींना हे शिकवते. पण माझ्या डोक्यात ते दहा दिवस होते. आणि खरं सांगायचं तर ती उडी मला बघायची होती. मलाच, सगळ्यांच्या आधी. मी पातळ सुरी थराखाली सरकवली आणि उचललं.

काही आवाजसुद्धा झाला नाही. चित्राचा थर फिल्मवरून निघून पलीकडच्या थराला चिकटला आणि तिथेच त्याचा भुगा झाला. माझ्या चिमटीत काचेसारखी स्वच्छ पट्टी उरली.

ओगावासान आले तेव्हा मी तशीच उभी होते.

"किती?" त्यांनी विचारलं.

"दोन मीटरला थोडी कमी."

"कुठली?"

"उडी."

ते बाहेर गेले. मशीनमधून कॉफीचे दोन डबे घेऊन आले, एक माझ्या हातात दिला. आपला उघडत म्हणाले, "मीही कदाचित उचललीच असती."

"नाही ओगावासान. तुम्ही थांबला असता."

त्यांनी विचार केला. "हो," म्हणाले. "थांबलो असतो."

या धंद्यातली मला मिळालेली सगळ्यात मोठी शिक्षा आणि सगळ्यात मोठा आदर, दोन्ही त्या एका वाक्यात होते. ते माझ्याशी खोटं बोलले नाहीत.

पुढची फिल्म त्यांच्या सांगण्यावरून चार दिवस वाफेत राहिली. मग उलगडली. तो बोटीत होता. गुडघ्यांवर, घामाने ओलाचिंब, बोट अजून हेलकावतेय. बहिणीचे हात दोरीने बांधलेले. तो गाठ सोडवायला लागतो. डाव्या हाताची करंगळी हातातून आडवी बाहेर आलेली आहे, जिथे बोट असायला नको तिथे. तिसऱ्या रिळात टेबलावर पसरलेला तोच हात आम्ही अकरा दिवस पाहिला होता. पाचही बोटं सरळ होती. कॅमेरा थांबत नाही. चाळीस सेकंद तो त्या हाताने गाठ सोडवतोय, आणि चेहऱ्यावर वेदना आहे ती फक्त बहिणीसाठीची. स्वतःच्या बोटाकडे तो एकदाही बघत नाही. कधी तरी, बहुधा त्याला तिथे असह्य झालं असावं, तो मान वळवून तिच्याकडे बघून हसतो. आणि गाठ सुटते.

मी माझ्या कामात हजारो माणसं पाहिली आहेत, मेलेली, विसरलेली, नावं नसलेली. उठून उभं राहावंसं वाटलं ते या एकासमोर.

मी कोबेला फोन केला. तोउसाननी मला बोलूच दिलं नाही. "फोनवर नको. ऑपरेशननंतर बघेन. वाईट बातमी असेल तर आत्ता नको. चांगली असेल तर आता मेले तरी चालेल असं वाटेल, तेही नको."

म्हणजे माझी घाई कुणाच्याच कामाची नव्हती. ही गोष्ट मला आजही जिना चढताना, तांदूळ निवडताना, कधीही आठवते.

ऑपरेशन नीट झालं. तीन महिन्यांनी आम्ही कोबेला गेलो. मोतोमाची स्टेशनजवळच्या एका छोट्या हॉलमध्ये, दुपारी दोन वाजता, प्रेक्षक एकच. त्या थोड्या वाळल्या होत्या, पण कणा तसाच ताठ. दिवे घालवायच्या आधी मी त्यांच्यासमोर जाऊन वाकले आणि सगळं सांगितलं. पूल आहे, बोट आहे, मधली उडी नाही. ती माझ्या हातून गेली. तिथे सहा सेकंद काळा पडदा ठेवलाय.

त्यांनी माझ्या हातांकडे बघितलं, बराच वेळ. मग म्हणाल्या, "लावा."

पत्राचा प्रसंग आला तेव्हा त्या पुढे झुकल्या. "माझ्या शाळेच्या चिठ्ठ्या असेच धरायचे," हळूच म्हणाल्या. "सगळं छान लिहिलंय म्हणायचे. मला वाटायचं, त्यांना जपानी वाचता येतं."

मग पूल आला. वाकलेले गुडघे. काळा पडदा. बोट, दोरी, हात.

"थांबवा."

ओगावासाननी चित्र थांबवलं. पडद्यावर तो हात होता, माणसाच्या उंचीएवढा. पर्समधला फोटो त्यांनी बाहेर काढलाच नाही. त्यांनी आपला उजवा हात पुढे केला आणि हवेत काही तरी धरल्यासारखी मूठ मिटली.

"मशीन नव्हतं," त्या म्हणाल्या. नंतर सावकाश, "पुन्हा लावा. पुलापासून."

पुन्हा तो पळत आला, कठड्यावर चढला, गुडघे वाकवले. पडदा काळा झाला. आणि अंधारात तोउसान उभ्या राहिल्या आणि बोलायला लागल्या. जपानीत नाही, कॅन्टोनीजमध्ये, मोठ्याने. पडद्यावरून येणाऱ्या अंधुक उजेडात त्यांचे हात दिसत होते. एक हात पूल झाला, दुसरा खालून सरकणारी बोट. मला एक शब्द कळत नव्हता. आवाज ऐंशी वर्षांच्या बाईचा नव्हता. गोष्ट पाठ असलेल्या, पुढे काय होणार ते माहीत असूनही श्वास रोखणाऱ्या मुलीचा होता.

सहा सेकंद केव्हाच संपले. पडद्यावर बोट परत आली होती, तो गुडघ्यांवर होता, पण त्या अजून सांगत होत्या. वरचा हात अजून खाली आलेला नव्हता. ओगावासाननी चित्र थांबवलं. कंट्रोलवर बोट ठेवून ते मान खाली घालून उभे राहिले, आणि त्यांच्याबरोबर मीही.

शेवटी वरचा हात खालच्या हातावर येऊन आदळला. हॉलमध्ये तो चापट मारल्याचा आवाज घुमला.

"सुरू करू का, तोउसान?" ओगावासाननी विचारलं.

त्या धापा टाकत होत्या. कोट सारखा करत खुर्चीत बसल्या.

"करा," त्या म्हणाल्या. "पोचलेत ते बोटीत."